कोर्टशिपला मराठीत काय म्हणायचं?

रानभूल: मंडळी, अडलेय. एका कोळ्यावरचा लेख मराठीत करतेय, युरोपातला नर्सरी वेब स्पायडर. ह्यातला नर माशीबिशी पकडून स्वतःच्या रेशमात गुंडाळतो आणि मादीपुढे धरतो, ती खाण्यात गुंतली की हा आपलं काम उरकतो. कधी कधी गाठोड्यात नुसतं चोथा झालेलं सालपट असतं. मादीने झडप घातलीच तर मेल्याचं सोंग घेतो पण गाठोडं सोडत नाही!! ह्या कोर्टशिपला, म्हणजे मीलनाआधीच्या ह्या मनधरणीला, मी 'प्रणयाराधन' लिहिलं, तपासणाऱ्या बाईंनी खोडलं, म्हणाल्या कोळ्याला कसला आलाय प्रणय. मग लिहू काय?

जुनीपाटी: योग्य खोडलं. आराधना माणसं करतात. जनावरांसाठी आपले साधे शब्द आहेत की, माज, जुगणं.

चांदवा: काका, माजावर येते ती म्हैस, म्हणजे मादी. जुगणं तर प्रत्यक्ष मीलन. ताई त्याच्या आधीचं विचारतेय. आणि कोर्टशिप तरी कुठे प्राण्यांचा शब्द, कोर्ट म्हणजे राजदरबार. तरी डार्विनने १८७१ साली तो बिनधास्त पक्ष्यांना लावला, १९१४ साली ज्यूलियन हक्स्ली ह्या जीवशास्त्रज्ञाने ग्रीब ह्या पाणपक्ष्यावर निबंध लिहिला त्याच्या नावातच तो आहे. आपणच का सोवळं पाळायचं?

कवडसा: ग्रीबचं नाव काढलंत म्हणून, त्यात नर आणि मादी दोघंही चोचीत पाणवनस्पती घेऊन छातीला छाती लावून पाण्यावर उभे राहतात. 'आराधन' म्हटलं की एक देव आणि एक भक्त, इथे कोण कोणाचा भक्त? म्हणून तो शब्द मला खटकतो, माणसांचा आहे म्हणून नाही. 'अनुनय' चालेल का? हल्ली तो फक्त राजकारणात उरलाय पण अर्थ नेमका हाच.

जुनीपाटी: अनुनय पुस्तकी. पारवा घुमतो ना मादीभोवती, मान फुगवून? 'घुमणं' घ्या.

रानभूल: काका, कोळी घुमत नाही हो.

चांदवा: जुगणं वरून आठवलं, लहानपणी दोन धामणी एकमेकींना पीळ घालून अर्ध्या उभ्या राहिलेल्या पाहिल्या, सगळे म्हणाले साप जुगतायत. पुढे कळलं की हे बहुतेक वेळा दोन नर असतात, एकमेकांचं डोकं खाली दाबायची झुंज चालते. शब्द जुना म्हणून बरोबर लागतोच असं नाही.

पानगळ: 'विणीचा हंगाम' म्हणतात ना? वीण म्हणजे घरटं विणायचा काळ, त्यावरून काहीतरी करा.

कवडसा: नाही हो, ही वीण 'गाय व्याली' मधली, विणकामाशी काही संबंध नाही. घरटं न बांधणाऱ्या बेडकांचाही विणीचा हंगाम असतोच.

पानगळ: पण सुगरण विणते म्हणूनच तर

चांदवा: सुगरण विणतच नाही, विणतो तो नर! अर्धवट खोपा झाला की त्याला लटकून पंख फडफडवत माद्यांना बोलावतो, एखादीला पसंत पडला तरच बोगदा पुरा करतो आणि मग दुसरा खोपा घ्यायला मोकळा. कष्ट त्याचे आणि नाव स्त्रीलिंगी, हे मला फार लागतं.

जुनीपाटी: मग घारीचं काय? नर असला तरी घारच. पक्ष्याचं नाव असंच चालतं.

चांदवा: घार शब्दात कौतुक नाही काका, सुगरणीत आहे.

रानभूल: अहो, लेख उद्या द्यायचाय. प्रणयाराधन ठेवू की अनुनय?

पानगळ: 'सुगरणा' रूढ करायला काय हरकत आहे?