पहिला सिनेमा हळवा, दुसरा हाताबाहेर गेलेला. तुम्ही कोणाच्या बाजूने?

रिकामटेकडी
काल टीव्हीवर चाळता चाळता 'फर्गेटिंग सारा मार्शल' (2008) लागला आणि हॉस्टेल आठवलं. एक लॅपटॉप, सगळ्याजणी दाटीवाटीने. माझं नुकतंच ब्रेकअप झालेलं. साराने सोडलेला हिरो पीटर रडला की मीही सुरू, बाकीच्या खिदळतायत. 2010 मध्ये त्यातल्याच आल्डस स्नोला, म्हणजे साराच्या नव्या रॉकस्टार बॉयफ्रेंडला, धरून 'गेट हिम टू द ग्रीक' आला. दिग्दर्शक तोच, निकोलस स्टोलर. तो मी अर्ध्यात बंद केला. दारू, ड्रग्ज, ओकाऱ्या, काय नि काय! नवऱ्याचा मात्र तोच लाडका. तुमचं काय? कुणासोबत बघितलात तेही लिहा.

पोटमाळा
बाबांसोबत!!! तोही पहिला. पीटर टॉवेल सोडतो ना सुरुवातीलाच, तिथे बाबा पाणी प्यायला उठले ते परत आलेच नाहीत. पहिला सोज्वळ वगैरे मला सांगू नका.

घाईत_आहे
😂😂 बिचारे बाबा

निवांत
चावटपणा दुसऱ्यात जास्तच आहे, पण आल्डस मला तिथे कळला. पहिल्यात, हवाईत, तो दारू सोडलेला, स्वतःवर खूश असा नमुना. पुढे दुसऱ्यात त्याचं 'आफ्रिकन चाइल्ड' गाणं आपटतं, त्याची जोडीदार जॅकी क्यू सोडून जाते, हा परत प्यायला लागतो. लंडनहून लॉस एंजेलिसच्या ग्रीक थिएटरपर्यंत त्याला शोसाठी 72 तासांत न्यायचं, आणि मधेच हा वेगासला बापाकडे. तिथे मला हसूच येईना. आमचा काका असाच. लग्नकार्यात सगळ्यांना हसवायचा, घरी काकू जागी.

रिकामटेकडी
निवांत, 🫂 आता पुढचा अर्धा बघते.

चष्मिष्ट
जोना हिलने मला फार छळलं. पहिल्यात आल्डसच्या मागे मागे करणारा हॉटेलातला वेटर, दुसऱ्यात रेकॉर्ड कंपनीतला ॲरन. माणसं वेगळी, चेहरा तोच! वेटरला ही नोकरी लागली कधी, याच विचारात माझा निम्मा सिनेमा गेला.

तिरकी_रेघ
मी साराच्या बाजूने. विशीत ती खलनायिका वाटायची. आता बघितलं तर दिवसभर ढगळ पँटीत सोफ्यावर पडलेल्या माणसाला तिने किती ओढायचं? तिचं ते भांडण नीट ऐका एकदा. दुसऱ्यात बायकांना एवढंही बोलायला मिळत नाही, माझा खरा राग त्यावर आहे. अर्धवट लिहिलंय, कुकर झाला, येते.

पोटमाळा
पहिल्यातलं पीटरचं ड्रॅक्युलाचं बाहुलीनाट्य कुणीच काढलं नाही?? ते गाणं मी भांडी घासताना म्हणते. पीटर झालेला जेसन सेगेल आणि स्टोलर याच जोडीने नंतर 'द मपेट्स' (2011) लिहिला, बाहुल्यांची हौस जुनीच दिसते.

घाईत_आहे
मपेट्स सहा वर्षांच्या मुलाला चालेल? सुट्टी लागलीये, डोकं खातोय.

पोटमाळा
बिनधास्त. नंतर महिनाभर गाणी ऐकायची तयारी ठेव.

चष्मिष्ट
त्याला चुकून ग्रीक लावू नकोस म्हणजे झालं.