अ‍ॅडम स्मिथचं जेवण कोणी ‘केलं’?

गवतीचहा
आमच्या वाचनालयाच्या अंकासाठी कत्रीन मार्सल या स्वीडिश बाईंचा एक पानी परिचय लिहिलाय. जन्म १९८३, गाव लुंड. आधी ‘आफ्टनब्लाडेट’ या स्वीडिश वृत्तपत्रात अग्रलेख लिहायच्या, पुढे ब्रिटनमध्ये राहून ‘दागेन्स न्यूहेतर’ या दुसऱ्या स्वीडिश वृत्तपत्रासाठी लिहू लागल्या. त्यांचं २०१२ चं गाजलेलं पुस्तक इंग्रजीत २०१५ साली आलं. त्या इंग्रजी नावाचं (‘हू कुक्ड अ‍ॅडम स्मिथ्स डिनर?’; हा स्मिथ म्हणजे अठराव्या शतकातला स्कॉटिश अर्थशास्त्रज्ञ) मी ‘अ‍ॅडम स्मिथचं जेवण कोणी केलं?’ असं मराठी केलं. संपादककाकांनी समासात लिहिलं, ‘स्मिथनेच केलं असणार, दुसरा कोण करेल?’ आमच्या सावंतवाडीकडे जेवण करणं म्हणजे रांधणं. आता काय ठेवू? शिवाय पहिल्या ओळीतलं ‘स्त्रीवादी अर्थतज्ज्ञ’ही त्यांनी खोडलंय. मग बाईंना म्हणू तरी काय?

शुद्धमती
काकांचंही चूकच. ‘जेवण करणे’ हे ‘जेवणे’ या अर्थी हिंदीच्या नादाने घुसलंय. माणूस जेवतो, जेवण करत नाही. आणि रांधण्याला ‘स्वयंपाक करणे’ हा उत्तम शब्द असताना हा घोळ कशाला? ‘अ‍ॅडम स्मिथचा स्वयंपाक कोण करत असे?’ संपलं. ‘जेवण बनवणे’ कोणी सुचवू नये, ही नम्र विनंती.

रंकाळा_चौपाटी
अहो ताई, आमच्या कोल्हापुरात ‘जेवण केलंय, या’ म्हणजे चुलीवरचं उतरलंय, या. ह्यात हिंदी कुठनं आली? सदाशिव पेठेत एखादा अर्थ चालत नाही म्हणून तो घुसखोर होत नाही.

अपभ्रंश
‘स्वयंपाक’ची फोड करून बघा की! स्वयं अधिक पाक, म्हणजे स्वतःचं स्वतः शिजवून घेणं. सोवळ्यातले लोक परगावी गेले की दुसऱ्याच्या हातचं खात नसत, आपापलं शिजवत. ते खरे स्वयंपाकी. स्मिथने जे बहुधा कधीच केलं नाही, तोच शब्द त्याच्या ताटाला लावताय. ‘रांधणे’ घ्या. गोव्यात अजून ‘रांदप’ म्हणतात.

शुद्धमती
व्युत्पत्तीवर चालायचं तर ‘तेल’ फक्त तिळाचंच म्हणावं लागेल.

योतेबॉरीकर
(गाव गॉथेनबर्ग, पण इथे असंच म्हणतात.) मूळ स्वीडिश नाव वेगळंच आहे हो: ‘देत एन्दा श्योनेत’. फ्रेंच स्त्रीवादी लेखिका सिमोन द बोव्हुआरच्या गाजलेल्या पुस्तकाचं स्वीडिश नाव ‘देत आन्द्रा श्योनेत’, म्हणजे ‘दुसरं लिंग’. एक शब्द बदलून बाईंनी ‘एकमेव लिंग’ केलं. अर्थशास्त्राला एकच लिंग ठाऊक आहे, असा टोला. जेवणाचा प्रश्न इंग्रजी आवृत्तीने मुखपृष्ठावर आणला. २०१२ साली हे पुस्तक ऑगस्ट पारितोषिक या स्वीडिश साहित्य पुरस्काराच्या अंतिम यादीत होतं, तेव्हा त्या कत्रीन शेलोस नावाने लिहीत.

रंकाळा_चौपाटी
‘एकमेव लिंग’ मुखपृष्ठावर आलं तर दुकानदार ते बारा ज्योतिर्लिंगांशेजारी मांडील.

अपभ्रंश
म्हणून ‘लिंगभाव’ आणला ना विद्यापीठवाल्यांनी. त्या शब्दात भाव आहे, पण जीव नाही.

शुद्धमती
विषय स्मिथचा आहे. तो ‘द वेल्थ ऑफ नेशन्स’ या पुस्तकात लिहितो की खाटीक, बियर गाळणारा आणि पाववाला यांच्या परोपकारामुळे आपल्याला जेवण मिळत नाही, ते आपापला स्वार्थ बघतात म्हणून मिळतं. साल १७७६. मार्सलबाई विचारतात, मांस घरी आल्यावर ते शिजवलं कोणी? त्याची आई मार्गारेट डग्लस. बाप तो जन्मायच्या आधीच गेलेला, लग्न त्याने केलं नाही, आयुष्याचा मोठा भाग आईच्या घरात गेला. आई १७८४ साली वारली, तो १७९० साली. एडिंबराच्या घरी मावसबहीण की आतेबहीण अशी जॅनेट डग्लसही होती.

खडीसाखर
हे इंग्रजी ‘कझिन’ मराठीत आणताना कायम अडतं! आडनाव डग्लस म्हणजे आईकडची. मामाची मुलगी असेल तर मामेबहीण. मावशीची असती तर आडनाव बहुधा वेगळं आलं असतं. आतेबहीण तर नाहीच.

बाकी एक शंका. त्या काळच्या सुस्थितीतल्या घरात हाताखाली माणसं असणार. मग आईने ‘रांधलं’ तरी कशावरून? तिने घर चालवलं, असं म्हणा. आणि अठराव्या शतकात ‘डिनर’ दुपारी व्हायचं. काही अनुवादक डोळे मिटून ‘रात्रीचं जेवण’ करतात. इथे ‘जेवण’ एवढंच बरोबर.

आकडेमोड
शंका रास्त, पण पुस्तकाचा रोख कढईवर नाही. जे काम पैशात मोजलं जात नाही ते काम म्हणून दिसतच नाही, असा रोख आहे. आपल्या राष्ट्रीय नमुना सर्वेक्षणात केवळ घरकाम करणाऱ्या व्यक्तीसमोर ९२ हा संकेतांक लिहितात. मी असे तक्ते भरलेत. ९२ लिहिलं की ती व्यक्ती श्रमबलाच्या, म्हणजे काम करणाऱ्या किंवा शोधणाऱ्यांच्या गणतीच्या, बाहेर. २०१९ च्या वेळ-वापर सर्वेक्षणात घरकाम करणाऱ्यांपैकी बायकांची रोजची सरासरी २९९ मिनिटं, पुरुषांची ९७. याला सरकारी मराठीत ‘विनामोबदला काम’ म्हणतात. तो शब्द मात्र मला फारच मवाळ वाटतो.

रंकाळा_चौपाटी
बिनपगारी फुल अधिकारी!

अपभ्रंश
यात अधिकार कुठे दिसला? ‘वेठ’ म्हणा.

खडीसाखर
वेठ नको, वेठीत माया नसते. मराठीत या कामाला नाम शोधू नका, क्रियापदं बघा. बाळंतपण काढलं, दुखणं काढलं, उष्टी काढली, आल्यागेल्याची उठाबस केली. सगळं ‘काढणं’. माझ्या सासूबाईंनी चार नणंदांची बाळंतपणं काढली. जनगणनेचा माणूस आला तेव्हा ‘काय करता?’ला त्यांचं उत्तर, ‘काही नाही, घरीच असते.’

अपभ्रंश
‘शुश्रूषा’ आहे की. मूळ अर्थ ऐकण्याची इच्छा. त्यावरून आज्ञापालन, त्यावरून सेवा. ‘निगा’ फारसीतून आली, मूळ अर्थ नजर. म्हणजे आपण ऐकतो आणि ते बघतात.

शुद्धमती
ही तुमची ओढाताण. ‘निगा’ला पर्याय ‘जोपासना’.

आकडेमोड
जोपासना छंदाची करतात, आजोबांची नाही.

योतेबॉरीकर
बाईंचं २०२० चं पुस्तकही याच वळणाचं आहे, विषय शोधांचा. सूटकेसला चाकं इतक्या उशिरा का लागली? अमेरिकेत बर्नार्ड सॅडोला चाकांच्या सूटकेसचं पेटंट १९७२ साली मिळालं, म्हणजे माणूस चंद्रावर जाऊन आल्यावर. त्यांच्या मते कारण तंत्राचं नव्हतंच. पुरुषाने सामान उचलायचं असतं, ओढायचं नसतं, आणि बाई एकटी प्रवास करत नाही, अशी समजूत होती.

रंकाळा_चौपाटी
हिला मराठीत काय म्हणायचं? ‘ट्रॉली’ म्हणू नका, ट्रॉली उसाची.

शुद्धमती
चाकपेटी.

रंकाळा_चौपाटी
विमानतळावर बोलून बघा ताई, पोलीस बोलावतील.

गवतीचहा
मंडळी, पहिली ओळ अजून रिकामी आहे. अर्थतज्ज्ञ, पत्रकार की लेखिका?

आकडेमोड
अर्थतज्ज्ञ नको, काकांचं बरोबर आहे. बाईंनी स्वीडनच्या अर्थविषयक वाहिनीवर अर्थतज्ज्ञांच्या मुलाखती घेतल्या, त्या समोरच्या खुर्चीत बसून. बाहेरून प्रश्न विचारणं हीच त्यांची ताकद. ‘पत्रकार’ पुरेसं आहे, कोरडं वाटलं तर वाटू दे.

शुद्धमती
‘अग्रलेखिका’ का नको?

अपभ्रंश
कारण अग्रलेख म्हटलं की अजून टिळकच दिसतात. शिवाय स्वीडिशमध्ये ‘लेदारे’ म्हणजे अग्रलेखही आणि पुढारीही, असं ऐकून आहे. खरं का, योतेबॉरीकर?

योतेबॉरीकर
खरं आहे. संदर्भाने कळतं.

खडीसाखर
लेखिका, पत्रकार यांना निदान शब्द आहेत. रांधण्याचे पैसे पुरुषाने घेतले की तो ‘आचारी’, बाईने घेतले की ‘पोळ्यांच्या मावशी’. पैसेच नसले तर ‘सुगरण’.

रंकाळा_चौपाटी
आणि भीम स्वयंपाकघरात गेला की ‘बल्लव’. विराटाने त्याला पगार दिला होता का, हे कोणी महाभारत बघून सांगा.