बाजारपूर्व कार्यक्रमात सुचवलेला शेअर सव्वानऊला वर उघडतो आणि मग घसरतो, असे का?

कृष्णाकाठचा

सहकारी बँकेतून निवृत्त होऊन मला दोन वर्षे झाली. तेव्हापासून सोमवार ते शुक्रवार सकाळी आठ ते सव्वानऊ व्यवसायविषयक वाहिनीवरचा बाजारपूर्व कार्यक्रम पाहायची सवय लागली आहे. चहाच्या कपाशेजारी वही असते आणि तीत सुचवलेल्या शेअरचे नाव, आदला बंद भाव, कुठपर्यंत खरेदी करावी तो भाव, टार्गेट (जिथे नफा घेऊन विकायचे तो भाव) आणि स्टॉप लॉस (जिथे तोटा सोसून बाहेर पडायचे तो भाव) असे पाच रकाने मी भरत जातो. नोकरीत आयुष्यभर खतावणीच पाहिली, त्यामुळे रकाने आखल्याखेरीज मला काही समजल्यासारखे वाटत नाही.

गेल्या सात महिन्यांच्या नोंदी परवा सलग वाचल्या, तेव्हा एक गोष्ट खटकली. उदाहरणादाखल एकच नोंद देतो. शेअर आदल्या दिवशी 412 रुपयांना बंद झाला होता. साडेआठच्या सुमारास तज्ज्ञांनी 415पर्यंत घ्यायला हरकत नाही असे सांगितले. मी 9.05ला मोबाइलवरून मार्केट ऑर्डर टाकली आणि शेअर मला 423 रुपयांना मिळाले. अकरा वाजता भाव 411 होता. कंपनीबद्दलची बातमी खरी होती, सल्ला देणारेही अनुभवी होते, तरीही आदल्या दिवशीच्या बंद भावापेक्षा खाली आलेला शेअर मी त्याच बंद भावापेक्षा अकरा रुपये जास्त देऊन घेऊन बसलो होतो. अशा नोंदी वहीत बऱ्याच आहेत. यात माझी चूक नेमकी कोणती, आणि मग या कार्यक्रमाचा उपयोग तरी कशासाठी करावा, हे जाणकारांनी सांगावे.

दादर_डीलर

नमस्कार काका. मी एका दलाली पेढीत सौदे टाकण्याचे काम करतो, त्यामुळे नऊ ते सव्वानऊ ही पंधरा मिनिटे रोज डोळ्यांसमोर असतात. आपला घोटाळा त्याच पंधरा मिनिटांत झाला आहे.

ऑक्टोबर 2010पासून आपल्याकडे बाजार उघडण्याआधी हे प्री-ओपन सत्र असते. त्यातली पहिली आठ मिनिटे ऑर्डर टाकायची, बदलायची किंवा रद्द करायची मुभा असते, आणि शेवटच्या मिनिटात ही खिडकी नेमकी कोणत्या सेकंदाला मिटेल हे आधी कोणालाच कळत नाही. नंतर साठलेल्या सगळ्या ऑर्डरी एकत्र मांडून, ज्या भावाला सर्वाधिक शेअरची देवघेव जुळते तो एकच भाव काढला जातो. समजा 420ला 30,000 शेअर जुळतात, 423ला 48,000 आणि 425ला 41,000, तर शेअर 423ला उघडेल. ज्याने 430पर्यंत द्यायची तयारी दाखवली होती त्यालाही तो 423लाच मिळेल, आणि आपल्यासारख्या मार्केट ऑर्डरवाल्यालाही.

आता आपली ऑर्डर या चित्रात ठेवून पाहा. मार्केट ऑर्डर म्हणजे 'भाव काहीही असो, मला द्या' असे सांगणे. तोच कार्यक्रम पाहून त्याच आठ मिनिटांत तेच म्हणणारे आपल्यासारखे अनेक जण असले, की 423 हा आकडा तज्ज्ञांनी नव्हे, आपण सगळ्यांनी मिळून तयार केलेला असतो. समोरून विकणारे असतात ते आदल्या दुपारीच खरेदी करून बसलेले. रात्रभर साठलेली मागणी एका फटक्यात भागली की 9.15नंतर वर ओढणारा कोणी उरत नाही, आणि नफावसुली सुरू होते.

दुसरे म्हणजे, पडद्यावरची बहुतेक माहिती आठ वाजता शिळी झालेली असते. अमेरिकेचा बाजार आपल्या वेळेनुसार उन्हाळ्यात रात्री 1.30ला आणि हिवाळ्यात 2.30ला बंद होतो. तोक्यो पहाटे 5.30ला उघडते, हाँगकाँग 7ला. परदेशी आणि देशी संस्थांच्या खरेदी-विक्रीचे तात्पुरते आकडे आदल्या संध्याकाळीच शेअर बाजाराच्या संकेतस्थळावर आलेले असतात. पूर्वी सिंगापूरला चालणारे निफ्टीचे वायदे (निर्देशांकाचे पुढच्या तारखेचे सौदे) जुलै 2023पासून गिफ्ट निफ्टी या नावाने गांधीनगरजवळच्या गिफ्ट सिटीत चालतात आणि तिथले सौदे सकाळी 6.30लाच सुरू होतात. निवेदिका 'आज बाजार साधारण ऐंशी अंशांनी वर उघडेल असे दिसते' असे सांगते, ते गिफ्ट निफ्टीच्या भावावरूनच. त्यात भाकीत असे काही नसते, कारण ते ऐंशी अंश मोठ्या गुंतवणूकदारांनी दीड-दोन तास आधीच जमेस धरलेले असतात.

याचे टोकाचे उदाहरण म्हणजे 18 मे 2009. निवडणुकीचा निकाल शनिवारी लागला होता आणि तेव्हा बाजार 9.55ला उघडत असे. सोमवारी सकाळी सगळ्या वाहिन्यांवर खरेदीच्या याद्या चालू होत्या, पण बाजार उघडताच वरच्या सर्किटला, म्हणजे वाढीच्या ठरवून दिलेल्या मर्यादेला, लागला, दोन तास थांबवला गेला, पुन्हा उघडताच पुन्हा सर्किट लागले आणि त्या दिवसापुरता कारभारच आटोपला. सेन्सेक्स 2,110 अंशांनी वर गेला होता, पण सकाळी टीव्ही पाहून निघालेल्याला त्यात शिरायला फट अशी मिळालीच नाही. जून 2024मध्ये उलटे झाले. मतदानोत्तर चाचण्यांच्या जोरावर 3 तारखेला सेन्सेक्स 2,507 अंश चढला, आणि 4 तारखेला प्रत्यक्ष मतमोजणी सुरू असताना 4,389 अंश कोसळला. 3 तारखेच्या सकाळच्या यादीप्रमाणे खरेदी केलेल्यांचे फोन दुसऱ्या दिवशी मीच घेतले आहेत.

एडिसनवासी

मी न्यू जर्सीत राहतो. इथे सीएनबीसीवर सकाळी सहा ते नऊ 'स्क्वॉक बॉक्स' लागतो. 1995पासून चालू असलेला हा कार्यक्रम या जातीतला सर्वांत ओळखीचा म्हणायला हरकत नाही. दलालांच्या कचेऱ्यांत टेबलावर ठेवलेल्या ज्या कर्ण्यातून मुख्यालयातल्या विश्लेषकांचा आवाज येत असे, त्याचे हे नाव. एके काळी ते बोलणे फक्त दलालाच्या कानावर पडे. टीव्हीने ते सगळ्यांच्या स्वयंपाकघरात आणले.

कृष्णाकाठचे यांच्या वहीशी जुळणारा एक अभ्यास इथे नमूद करतो. एमरी विद्यापीठातील दोन प्राध्यापकांनी 2000 सालच्या प्रक्षेपणांवरून, याच वाहिनीवर बाजार चालू असताना लागणाऱ्या शिफारशींच्या सदरांनंतर भाव किती वेगाने हलतात ते मोजले आणि 2002मध्ये प्रसिद्ध केले. अनुकूल शिफारस कानावर पडल्यापासून काही सेकंदांत भाव चढू लागे आणि साधारण मिनिटभरात बातमीचा सगळा परिणाम भावात उतरून जाई. पंधरा सेकंदांच्या आत सौदा करणाऱ्याला थोडा नफा सुटत होता, तोही पंचवीस वर्षांपूर्वी. आपल्याकडे तर साडेआठला ऐकून नऊपर्यंत थांबावेच लागते.

तरी मी हा कार्यक्रम पाहतो, पण एका क्षणासाठी. रोजगाराचे मासिक आकडे इथे सकाळी 8.30ला जाहीर होतात, बहुधा महिन्याच्या पहिल्या शुक्रवारी, आणि बाजार 9.30ला उघडतो. तो आकडा पडद्यावर येतो तेव्हा चर्चेला बसलेल्यांनाही तो नवाच असतो. मिनिटभर आधी आत्मविश्वासाने बोलणारा माणूस आकडा वाचून कसा थबकतो, ते पाहण्यासारखे असते.

तळटीप

दादर_डीलर यांनी यंत्रणा सांगितली. मी पडद्याच्या तळाशी धावणाऱ्या बारीक अक्षरांबद्दल लिहितो, कारण कार्यक्रमातला मला सर्वांत वाचनीय वाटणारा भाग तोच आहे.

सेबी या शेअर बाजाराच्या नियामक संस्थेच्या 2014च्या संशोधन विश्लेषकांविषयीच्या नियमांनुसार, प्रसारमाध्यमांत शेअर सुचवणाऱ्याने आपली नोंदणी आणि त्या शेअरमधले आपले हितसंबंध उघड करायचे असतात. ज्या शेअरवर अहवाल द्यायचा, त्यात आधीचे तीस दिवस आणि नंतरचे पाच दिवस विश्लेषकाने स्वतः व्यवहार करू नये, असेही बंधन आहे. नियम आहे म्हणजे तो पाळला जातो असे मात्र नाही. फेब्रुवारी 2024मध्ये सेबीने एका हिंदी व्यवसाय वाहिनीवर येणाऱ्या काही पाहुण्या तज्ज्ञांविरुद्ध अंतरिम आदेश काढला. शिफारस प्रसारित होण्याआधीच तिची माहिती काही जणांना मिळत होती, ते आधी खरेदी करून ठेवत आणि प्रक्षेपणानंतर प्रेक्षकांची मागणी आली की विकून मोकळे होत, असे त्यात म्हटले होते, सुमारे 7.41 कोटी रुपयांची रक्कम गोठवण्यात आली. हे अपवादाचे प्रकरण आहे आणि सरसकट सगळ्यांकडे बोट दाखवणे अन्यायाचे होईल. परंतु 423ला आपल्याला शेअर विकणारा कोण असू शकतो, या प्रश्नाचे एक उत्तर तेही आहे.

उपयोगाबद्दल विचारले आहे, तर आज काय घडणार आहे तेवढे वहीत घ्यावे. रिझर्व्ह बँकेच्या पतधोरणाची घोषणा असेल तर ती दहाला होते. नव्या शेअरची नोंदणी असेल तर त्याचे सौदेही दहालाच सुरू होतात. कोणत्या कंपनीच्या संचालक मंडळाची बैठक आहे, कोणता शेअर आज एक्स-डिव्हिडंड आहे, म्हणजे आजपासून घेणाऱ्याला जाहीर झालेला लाभांश मिळणार नाही, हेही पाहावे. मोठा लाभांश निघालेला शेअर त्या दिवशी साधारण तेवढ्याच रकमेने खाली उघडतो आणि पडला म्हणून घाबरून विकणारे लोक मी पाहिले आहेत.

कृष्णाकाठचा

सर्वांचे आभार. 'सगळ्यांनी मिळून तयार केलेला भाव' हे वाचून वही पुन्हा काढली. एक शंका उरते. मार्केट ऑर्डरऐवजी मी 415ची लिमिट ऑर्डर, म्हणजे 415च्या वर न घेण्याची ऑर्डर, ठेवली असती, तर प्रश्न सुटला असता का?

दादर_डीलर

अर्धा सुटला असता. शेअर 423ला उघडल्यावर आपली 415ची ऑर्डर न जुळता तशीच नियमित बाजारात आली असती, आणि अकराच्या आत भाव उतरताना 415ला शेअर आपल्याला मिळाले असते. म्हणजे आठ रुपये वाचले, पण शेअर तरीही 411लाच. शिवाय यात एक मेख आहे. जे सुचवलेले शेअर 423ला उघडून पुढे 440ला जातात, ते लिमिट लावणाऱ्याला मिळतच नाहीत. जे उलटून खाली येतात, तेवढे बरोबर त्याच्या पदरात पडतात. त्यामुळे वहीत सहावा रकाना आखा. त्यात 9.15चा उघडलेला भाव लिहा, आणि महिनाभर ऑर्डर न टाकता फक्त तो आणि दुपारी 3.30चा भाव शेजारी शेजारी मांडा. आकडे जमले की इथे टाका, मलाही पाहायचे आहेत.