गावचा रस्ता, पण माझ्या शेताच्या गटाच्या मधोमध?

बांधावरचा: मे महिन्यात मी तालुक्याला गेलो होतो. परत येऊन बघतो तर ठिबकच्या नळ्या गुंडाळून बांधावर फेकलेल्या आणि डाळिंबाच्या दोन ओळी होत्या तिथं मुरूम. नोटीस नाही, संमतीपत्र नाही, भूसंपादन तर लांबच. पंचायतीत विचारलं तर म्हणे, "गावाच्या कामाला आडवा येतोस का?" पलीकडच्या खातेदारांना रस्ता हवा, मान्य. पण त्यांच्या गाड्या पूर्वापार पूर्वेच्या बांधाने जायच्या. अंतर वाचतं म्हणून माझ्या गटाचे दोन तुकडे करायचे?

उसाची मोळी: दादा, राग मानू नका, पण बांध राहिलाय कुठं? आमच्याकडं आजोबांची बैलगाडी जायची तिथून आता सायकल जात नाही. दरसाल प्रत्येकानं बांधाकडं नांगराचं एक तास (म्हणजे एक ओळ) जास्त घातलं, झालं. औंदा ऊसतोडीची टोळी आली, ट्रॉली रानात जाईना म्हणून दुसऱ्याच्या फडात निघून गेली. ऊसाला तुरे आले. शेवटी मोळ्या डोक्यावर वाहिल्या. पाणंद (शेतात जायची वाट) खाणारेच रस्त्याच्या वेळी सातबारा दाखवतात, हे बघून बघून कंटाळा आलाय. (तुम्हाला म्हणत नाही.)

मोजणीवाला: दोघंही गावनकाशा न बघता भांडताय. नकाशावर गाडीमार्ग असेल तर तो रस्ता आहेच. कुणी गिळला असेल तर अतिक्रमण काढायचं, त्यात रुसायचं काय? नसेल तर जमीन महसूल अधिनियम 1966, कलम 143 खाली तहसीलदारांकडे अर्ज. पण त्या कलमात वाट मिळते ती बांधावरून. उभ्या डाळिंबातून नाही. आणि चालू वाट कुणी अडवली तर 1906 चा मामलेदार न्यायालय अधिनियम, कलम 5. तिथं सहा महिन्यांच्या आत जावं लागतं, लोक नेमके सातव्या महिन्यात येतात.

माजी सदस्य: कलमं सांगणं सोपं आहे. पंचायतीत बसून बघा. निधी आला की मार्चअखेर खर्ची पडला पाहिजे, आणि नऊ सह्या झाल्या की दहावा म्हणतो आधी माझ्या भावाचा वाद मिटवा. वस्तीवरच्या पोरी पावसाळ्यात चपला हातात घेऊन शाळेत जातात. एखाद्या ठिकाणी आधी मुरूम पडला आणि कागद मागून झाला, तर आभाळ कोसळत नाही.

काळा कोट: कोसळतं, साहेब. हिमाचलात हमीरपूर जिल्ह्यात एका निरक्षर बाईंची जमीन 1967-68 मध्ये रस्त्यासाठी घेतली, भूसंपादन न करता. पुढं सरकारनं चक्क प्रतिकूल ताबा सांगितला, म्हणजे इतकी वर्षं ताब्यात आहे म्हणून जमीन आमचीच. जानेवारी 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं फेटाळलं: सरकारला आपल्याच नागरिकाच्या जमिनीवर असा हक्क सांगता येत नाही, मोबदला द्या. मालमत्तेचा हक्क 44 व्या घटनादुरुस्तीनं मूलभूत राहिला नाही, पण कलम 300 अ शाबूत आहे. कायद्याच्या आधाराशिवाय कुणाची जमीन काढून घेता येत नाही, मग पंचायत असो की मंत्रालय.

उसाची मोळी: म्हणजे बाईंना पन्नास वर्षांनी न्याय. वकीलसाहेब, हे तुम्ही दादांना धीर द्यायला सांगताय की घाबरवायला?

काळा कोट: दोन्ही. म्हणून आत्ताच लेखी हरकत द्या, पंचनामा मागा, डाळिंबाचे फोटो जपून ठेवा.

बांधावरचा: हरकत दिली, पोच घेतली. मोजणीची फी भरलीय. मला रस्ता बंद पाडायचा नाही. पूर्वेच्या बांधाने माझ्याकडून सहा फूट, शेजाऱ्याकडून सहा फूट, ट्रॉली आरामात जाते. लिहून द्यायला तयार आहे. शेजारी म्हणतो त्याची विहीर आड येते.

माजी सदस्य: हे आधी बोलला असता तर!

बांधावरचा: आधी विचारलं कुणी?

मोजणीवाला: विहीर बांधापासून किती फुटांवर आहे?

बांधावरचा: टेप लावली नाही अजून. उद्या लावतो.