हॉकमॉथला मराठीत काय म्हणायचं?

दादरकर : उद्यानातल्या फलकासाठी ओलिअँडर हॉकमॉथचं, म्हणजे कण्हेरीवर वाढणाऱ्या पतंगाचं, मराठी नाव हवंय. मसुद्यात आहे 'कण्हेरी ससाणा पतंग', खाली 'यजमान वनस्पती : कण्हेर, तगर, सदाफुली, सुरवंट पाने खातो'. वाचताना अडखळायला होतंय.

पानखाऊ : ससाणा उडवा, इंग्रजी 'हॉक'ची सावली आहे ती. 'यजमान'ही नको, यजमान आग्रहाने वाढतो, तगर पान तुटलं की चीक सोडते. 'खाद्यवनस्पती' लिहा, आणि तगर पहिली घाला. मुंबईत सोसायटीच्या कुंपणाला तीच असते. खाली टपोऱ्या, खाचदार लेंड्या पडलेल्या दिसल्या की वर अळी असणारच.

शब्दखोर : पतंग म्हटलं की पोरांना मांजा आठवतो. 'पाकोळी' घ्या.

पानखाऊ : पाकोळी हा पक्षी. शिवाय 2015 पासून राज्य फुलपाखरू असलेली राणी पाकोळी आहेच. आणखी किती जणांना एकाच नावात कोंबणार?

शब्दखोर : लोक बोलतात तो शब्द. संस्कृतात पतंग पक्षीही, सूर्यही. तिथे चालतं ना?

कोशकार : 'सुरवंट' आधी खोडा हो. सुरवंटाला केस, अंगाला लागला की खाज. ही गुळगुळीत हिरवी अळी : डोक्यामागे डोळ्यांसारखे दोन निळे-पांढरे ठिपके, शेपटाकडे आखूड पिवळं शिंग, लांबी 7-8 सेंटीमीटर. कोशाची वेळ आली की तपकिरी पडते. रोग समजून लोक फेकून देतात. प्रत्यक्षात ती झाडावरून उतरून पाचोळा शोधत असते. डब्यात पाळायची तर तळाला 5 सेंटीमीटर कोरडी माती आणि वर पाचोळा हवाच, नाहीतर नुसती कडेकडेने फिरत राहते. एक खरखरीत काडीही उभी लावा. बाहेर आलेल्या पतंगाला लटकता आलं नाही तर पंख चुरगळलेलेच वाळतात. आणि कण्हेरीची पानं हाताळल्यावर हात धुवा, विषारी आहेत.

शब्दखोर : मग कोश म्हणायचं की कोसला?

कोशकार : कोश. कोसला रेशमाचा. इथे चार धाग्यांनी पाचोळा जेमतेम सांधलेला असतो.

लालबागकर : 'कण्हेरी पतंग' लिहिलंत तर लोक बोरिवलीच्या लेण्यांत शोधायला जातील.

पानखाऊ : ती कान्हेरी, कृष्णगिरीवरून आलेली. कण्हेरीशी संबंध नाही.

लालबागकर : कण्हेरीला संस्कृतात करवीर. मग कोल्हापूरचं करवीर कुठून आलं, तेही सांगा.

शब्दखोर : त्याला चर्चेचा वेगळा धागा लागेल. पण आमच्याकडे 'कणेर' म्हणतात, ह नाही.

पानखाऊ : हिंदीचा प्रभाव.

शब्दखोर : प्रभाव कसला, आजीचा उच्चार आहे!

दादरकर : फलकावर जागा दोन ओळींचीच आहे.