आयर्लंडमधलं कॉंग गाव: एका दिवसात काय बघावं?

गिरणाकाठची:
नमस्कार सगळ्यांना. मी पाचोऱ्याची. माझी ताई आयर्लंडला गॉलवेत नर्स आहे, पुढच्या महिन्यात आईला घेऊन तिच्याकडे जातेय. ताईला एकच दिवस सुट्टी मिळतेय आणि ती म्हणते ४५ किमीवर कॉंग नावाचं छोटं गाव आहे, तिकडे जाऊ. नेटवर पाहिलं तर जिकडेतिकडे तो किल्ला आणि कुठल्यातरी जुन्या सिनेमाचं शूटिंग, बस. आईला सिनेमात काही इंटरेस्ट नाही, पण जुनी देवळं, बारवा, गावाच्या गोष्टी म्हटलं की ती तासन्‌तास ऐकते, पाटणादेवीला आम्ही दहा वेळा तरी गेलो असू. कोणी गेलंय का तिकडे? काय बघायचं आणि त्यामागची गोष्ट काय हे जरा सविस्तर सांगा ना, म्हणजे मला आईला समजावून सांगता येईल.

सावद्याचा_पोरगा:
ताई, मी दोन वर्षं गॉलवेत शिकायला होतो, कॉंगला तीन-चारदा गेलोय. गाव एवढंसं, अर्ध्या तासात पायी फिरून होतं. वर लॉख मास्क आणि खाली लॉख कॉरिब असे दोन मोठे तलाव, मधल्या चिंचोळ्या पट्टीवर हे गाव, आणि आयरिश भाषेत नावाचा अर्थही तसाच आहे.

आईंना पहिले मठ दाखवा. सातव्या शतकात संत फेहीनने तिथे मठ काढला असं मानतात, आता जे दगडी अवशेष दिसतात ते १२व्या शतकापासून पुढचे. दारांच्या कमानींवरचं कोरीवकाम जवळ जाऊन बघा. आयर्लंडचा शेवटचा मोठा राजा रोरी ओ'कॉनर राज्य सोडून इथेच येऊन राहिला आणि ११९८ला इथेच वारला. पुरलं मात्र त्याला क्लॉनमॅकनॉइसच्या दुसऱ्या मठात, इथे त्याची कबर शोधत बसू नका, मी शोधली होती. त्याच्या बापाने ११२३ला बनवून घेतलेला प्रसिद्ध क्रॉस, लाकडावर सोन्याचांदीचं काम केलेला, तोपण आता गावात नाही, डब्लिनच्या नॅशनल म्युझियममध्ये आहे, तिथे तिकीट लागत नाही.

मठाच्या मागे नदीवर दगडाची छोटी खोली आहे, ती चुकवू नका. साधूंची मासे पकडायची खोली ती. जमिनीला भोक, खालून पाणी वाहतं, आणि सांगतात की दोरी मठाच्या स्वयंपाकघरापर्यंत नेलेली होती, मासा लागला की तिकडे घंटी वाजायची.

किल्ला म्हणजे अ‍ॅशफर्ड. सुरुवात १२२८ची, १८५२ला गिनेस बिअरवाल्या घराण्याने घेतला, आता महागडं हॉटेल आहे. सिनेमाचं शूटिंग १९५१चं, हिरो-हिरोईनचा पुतळा आहे गावात, जाता जाता दिसेल.

निवृत्त_गुरुजी_अमळनेर:
बेटा, वरच्या भाऊने चांगलं सांगितलं, पण त्या गावातली सगळ्यात मोठी वस्तू राहून गेली. तिथे एक कोरडा कालवा आहे. १८४५पासून बटाट्यावर रोग पडला आणि आयर्लंडमध्ये असा दुष्काळ झाला की दहा लाखांच्या आसपास माणसं मेली आणि जवळपास तेवढीच देश सोडून गेली. त्या काळात उपाशी माणसांना मजुरी मिळावी म्हणून सरकारने जी कामं काढली, त्यात दोन्ही तलाव जोडणाऱ्या या कालव्याचं काम १८४८ला सुरू झालं. चुन्याचा दगड फोडून खोदला, बोटी चढवा-उतरवायला दगडी लॉक बांधले, आणि पाणी टिकेना. खालचा खडक सगळा भोकाभोकाचा. १८५४ला काम बंद पडलं. आजही ते घडीव दगडाचं बांधकाम तसंच उभं आहे, उन्हाळ्यात तळ कोरडा. मी मुलाकडे गेलो होतो तेव्हा तिथे उभा राहिलो आणि मला ७२चा दुष्काळ आठवला, आमची माय खडी फोडायला जायची, मी पोरांबरोबर सुकडीच्या रांगेत. तुझ्या आईच्या वयाच्या माणसाला हे वेगळं समजावून सांगावं लागणार नाही.

दुसरं, वेळ उरला तर जवळच्या बॅलिनरोब गावाच्या बाजूला जा. लॉख मास्कच्या काठी कॅप्टन बॉयकॉट राहायचा, लॉर्ड अर्न नावाच्या जमीनदाराचा कारभारी. १८८०ला कुळांनी खंड कमी करा म्हटलं, त्याने पुरतं ऐकलं नाही, उलट बेदखलीच्या नोटिसा काढल्या. मग गडी, लोहार, धोबीण, टपालवाला सगळ्यांनी त्याच्याकडे जाणं बंद केलं. उत्तरेतून ५० माणसं आणून पीक काढलं तेही हजारभर शिपायांच्या पहाऱ्यात, पिकापेक्षा बंदोबस्ताचा खर्च कितीतरी जास्त. तो 'बॉयकॉट' शब्द इथला, आपण स्वदेशीच्या चळवळीत उचलला. आणि एक सांगतो, आपल्या शिरूर तालुक्यात कर्डे गावच्या शेतकऱ्यांनी डिसेंबर १८७४ला सावकारावर हेच केलं होतं, न्हावी-धोबी सगळे बंद. शब्द यायच्या सहा वर्षं आधी. हे मी वर्गात दरवर्षी सांगायचो.

केळीबाग_रावेर:
गुरुजींनी खडकाचं सांगितलं म्हणून लिहितो, मी तिकडे गेलेलो नाही पण पाण्याचा विषय आपला आहे. लॉख मास्कचं पाणी वरून नदीने पूर्ण येतच नाही, जमिनीखालून चुनखडकाच्या पोकळ्यांतून वाहतं आणि कॉंग गावात झऱ्यांनी वर उसळतं, तिथून नदी होऊन कॉरिबला मिळते. म्हणजे खाली पाणीच पाणी आणि वरचा कालवा कोरडा. आमच्याकडे सातपुड्याच्या पायथ्याला बझाडा पट्टा आहे, गोटे-वाळूचा, नाल्याला पूर आला तरी पाणी पटकन खाली मुरून जातं. आम्हाला ते मुरणं पाहिजेच, विहिरी-बोअर त्याच्यावर आहेत, म्हणून तर तापीच्या पुनर्भरणाची एवढी चर्चा. त्यांना तेच पाणी वर टिकवायचं होतं. जमीन बघून काम काढावं लागतं भो. ताई, पाणी वर येतं ती जागा नक्की बघा आणि जमलं तर फोटो टाका इथे.

सावद्याचा_पोरगा:
गुरुजी, कालव्यावरून मी दोनदा गेलोय आणि नाला समजून पुढे गेलो. वाईट वाटतंय आता. ताई, मठापासून तो चालत जाण्यासारखाच आहे, बूट मात्र चांगले घाला, पाऊस कधीही येतो आणि गवत ओलं असतं.

गिरणाकाठची:
सगळ्यांचे खूप आभार. आत्ताच आईला सगळं वाचून दाखवलं. कालव्याचं आलं तेव्हा ती म्हणाली परत वाच. आजी ७२ला पाझर तलावाच्या कामावर होती, आई तेव्हा आठ वर्षांची, डोक्यावरून पाण्याची कळशी न्यायची मजुरांना, हे मला आजपर्यंत माहीतच नव्हतं. आता म्हणते किल्ला राहू दे, पहिले मला तो कोरडा पाट दाखव. म्हणून आधी कालवा, मग मठ आणि मासेवाली खोली, झऱ्याची जागा, आणि ताईने गाडी घेतली तर बॉयकॉटचं गाव. रावेरवाले दादा, फोटो नक्की टाकते.