रिपोर्ट नॉर्मल, दुखणं खरं

‘सगळे रिपोर्ट नॉर्मल आहेत, म्हणजे दुखणं मनाचंच असणार’ हे तुमचं म्हणणं पटलं नाही. माझ्या कंबरेच्या दुखण्याचं हे नववं वर्ष. एमआरआयमध्ये मणके दिसतात, त्यांच्यामधल्या चकत्या दिसतात. वेदना दिसत नाही. उलट काहीच दुखत नसलेल्या कितीतरी लोकांच्या एमआरआयमध्येही सरकलेली चकती सापडते!

दुखणं तीन महिन्यांच्या वर रेंगाळलं की त्याला जुनाट वेदना म्हणतात. अशा वेळी बऱ्याचदा मूळ इजा भरलेली असते, पण मज्जासंस्था हळवी होऊन बसते आणि साध्या स्पर्शालाही कळ येते. २०२२पासून लागू झालेल्या जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-११ या आजारांच्या वर्गीकरणात जुनाट वेदनेला स्वतंत्र स्थान आहे. वेदना-अभ्यासकांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेने २०२०मध्ये वेदनेची व्याख्या सुधारली, तेव्हाही रुग्ण दुखतंय म्हणतो त्याचा मान राखावा, असं स्पष्ट लिहिलं. आणि मनावर परिणाम होतोच की, रात्र रात्र झोप नसल्यावर कोणाचं डोकं ठिकाणावर राहील? पण म्हणून दुखणं खोटं ठरत नाही.

एक मात्र शिकले. ‘खूप दुखतं’ म्हटलं की डॉक्टर मान डोलावतात आणि पुढची गोळी लिहितात. ‘दहा मिनिटांच्या वर उभं राहता येत नाही, रात्री तीनदा जाग येते’ असं कागदावर नेलं, तेव्हा एका डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं आणि विचारलं, “बरं, आधी काय परत करता यायला हवंय तुम्हाला?” नऊ वर्षांत हा प्रश्न पहिल्यांदाच आला.